बाद मतपत्रिकेखालची सही

आमच्या वकीलसाहेबांकडे मी एकोणतीस वर्षं मुन्शी आहे. बुलढाण्याच्या कोर्टात वादी येतो, प्रतिवादी येतो, त्यांना चढवून द्यायला गावची रिकामटेकडी मंडळीही येते. पण ना वादी ना प्रतिवादी, आणि तरी पाच वर्षांत एकही तारीख न चुकवलेला माणूस मी एकच पाहिला. तुळशीराम.

धाड या बाजारगावाजवळच्या त्याच्या खेड्यात सेवा सहकारी सोसायटीची निवडणूक झाली. तुळशीरामचा जिवाभावाचा दोस्त निवृत्ती उभा होता. त्याच्या अर्जावर सूचक म्हणून सही तुळशीरामचीच. समोर उभा होता जीवन, तुळशीरामचा सख्खा मेहुणा. निवृत्ती एका मताने पडला. मेहुण्यासाठी तुळशीरामने दोस्ताचा केसाने गळा कापला, असं गावाने त्याच संध्याकाळी ठरवून टाकलं. निवृत्तीलाही ते पटलं. ही निवडणूक रद्द करा, असा दावा घेऊन तो आमच्या साहेबांकडे आला.

खरी गोष्ट तुळशीरामने मला पहिल्याच तारखेला सांगितली. वीस वर्षं तो सोसायटीचा संचालक होता. ठरावावर शिक्का बसला की खाली सही ठोकायची, एवढंच त्याचं काम. ते हाताला इतकं बसलेलं, की पठ्ठ्याने मतपत्रिकेवर निवृत्तीच्या निशाणीवर, छत्रीवर, शिक्का मारला आणि खिशातला पेन काढून खाली झोकात सही केली. सही दिसली की मत बाद. मोजणीत अधिकाऱ्याने लांबूनच कागद दाखवला आणि बाद गठ्ठ्यात टाकला. सही अशी, की चिरडलेला मुंगळा बरा. कुणाची ते कुणालाच कळलं नाही.

"अहो, एवढी हुशारी कुठून आणली?" मी चिडलो. "निवृत्तीला सांगितलं का हे?"

"सांगतलं ना. म्हणते, दगा तं देलाच, आता खोटं बी बोलतं काय बे?"

मी साहेबांच्या कानावर घातलं. ते म्हणाले, मतदान गुप्त असतं, कुणाला मत दिलं हे सांगून कोर्टात चालत नाही. बाद मतांचं सीलबंद पाकीट उघडलं तर काय ते दिसेल. आम्ही तसा अर्ज दिला, जीवनच्या वकिलाने हरकत घेतली, आणि तारखा सुरू झाल्या.

प्रत्येक तारखेला तुळशीराम धुतलेला सदरा घालून यायचा आणि व्हरांड्यातल्या बाकाच्या टोकाला बसायचा. दुसऱ्या टोकाला निवृत्ती, पाठ फिरवून. "आज उघडते का पाकीट?" एवढंच तुळशीराम मला विचारायचा. नाही म्हटलं की मान हलवायचा आणि निवृत्तीच्या पाठीकडे बघत बसायचा. मला त्याचा राग यायचा. मग वाईटही वाटायचं, आणि ते वाटणं जास्त त्रासाचं होतं.

पूर्वी धाडच्या बाजारात दोघं शेजारी पोतं अंथरायचे. याची वांगी, त्याची मेथी. आरोळी निवृत्ती द्यायचा, दोघांच्याही मालाची, कारण तुळशीरामचा आवाज गर्दीत पोचतच नाही. दाव्यानंतर निवृत्ती बाजाराच्या पार दुसऱ्या टोकाला बसू लागला. तुळशीराम मात्र शेजारची एका पोत्याएवढी जागा मोकळी ठेवतो. कुणी तिथे टोपली टेकवली की हा एरवी गरीब माणूस भांडायला उठतो. त्याची बायको अन्नपूर्णाबाई मला एकदा म्हणाली, "घरी बी मतदानाचंच बोलते. रानात गेलं तरी तेच. मले म्हणते, त्याच्यासारखी आरोळी कोणाचीच नाही वो."

गेल्या महिन्यात निकाल लागला. संचालक मंडळाची मुदत संपली, नवी निवडणूक जाहीर झाली, तेव्हा या दाव्यात आता काही उरलं नाही, असं म्हणून कोर्टाने तो निकाली काढला. पाकिटाचा अर्जही त्याच्यासोबत गेला. निवृत्तीने कागद घडी करून पिशवीत घातले आणि कुणाकडे न बघता तो जीपकडे चालू लागला. तुळशीराम मागे गेला. जीपमध्ये निवृत्तीच्या शेजारची जागा रिकामी होती. तुळशीरामने दांडीला हात घातला, तशी निवृत्तीने पिशवी त्या जागेवर ठेवली.

जीप गेली. तुळशीराम परत माझ्याकडे आला.

"मुन्शीजी, ते पाकीट आता जाळतीन काय?"

"नियमाप्रमाणे नष्ट करतात."

"त्याच्या आंधी एक डाव मले पाहू देतीन? लांबूनच. हात नाही लावत."

"आता तुम्हाला कशाला बघायचंय? तुम्हाला तर माहीतच आहे ना त्यात काय आहे."

तो जीप गेली त्या रस्त्याकडे बघू लागला. मग हळूच म्हणाला, "पाच वर्सं झाले, त्यानं मानलं नाही. निवृत्तीनं आजलोक मले कधी खोटं सांगतलं नाही, मुन्शीजी. आता मलेच शक येऊन राह्यला, म्या शिक्का छत्रीवरच मारला होता ना?"