एकशे चाळीस वर्षांची फळी

हां, तर फळीला पाणी पाजायचं ते सांगायचं राहिलंच. खल्फान रोज सकाळी समुद्रावरून खाऱ्या पाण्याची घागर भरून आणायचा आणि एक्केचाळीस नंबरच्या घरात भिंतीला टेकवलेल्या फळीवर ओंजळी-ओंजळीनं ओतायचा. बायको शम्सा म्हणायची, "लग्न झाल्यापासून मला कधी पाण्याचा पेला दिला नाहीत, आणि ह्या लाकडाचे काय हे लाड!"

लाड होणारच. आम्हा मचव्यावरच संसार करणाऱ्या बन्हारांत मुलगा वेगळा निघाला, की त्याच्या नव्या मचव्यात बापाच्या मचव्याची एक फळी बसवायची. बाकीचं लाकूड कितीही ताजं असो, मचव्याचं वय त्या फळीचं, आणि माणसाची पतही तीच. खल्फानची फळी एकशे चाळीस वर्षांची. पण दोन खडकांपलीकडे नांगर टाकणाऱ्या मर्जूकची एकशे बावन्न! ही वरची बारा वर्षं खल्फानच्या घशात पोरवयापासून माशाच्या काट्यासारखी अडकलेली. मर्जूकनं मोठा मासा धरला की हा म्हणणार, "आजारी असेल." मर्जूकला मुलगा झाला तेव्हा सगळी जमात खजूर खायला गेली, हाही गेला, खजूर खाल्ले, आणि म्हणाला, "पोर जरा बारीकच दिसतंय."

मग सरकारच्या किनारा दफ्तराचं फर्मान आलं. माणसानं पाण्यावर राहायचं नाही. आज ह्या बेटाला, उद्या त्या बेटाला असं आमचं सगळं जगणं. त्या आम्हाला मर्सा हिल्फ बंदरावरच्या साठ सिमेंटच्या घरांत कोंबलं आणि दारांवर नंबर रंगवले. मासे धरायला मोजक्या मचव्यांना परवाना मिळणार होता. दफ्तराचा साहेब धक्क्यावर टेबल मांडून बसला, भोवती सगळी जमात. मर्जूकची पाळी आधी आली.

"मचवा किती वर्षांचा?"

"चार," मर्जूक म्हणाला.

खल्फानचा कानांवर विश्वास बसेना. चार! म्हणजे ह्याच्या बापाची फळी कुजली! जन्माचा काटा निघाला म्हणायचा. त्याची पाळी आली तेव्हा साहेबानं विचारायच्या आतच, पार मागच्या बहिऱ्या म्हातारीलाही ऐकू जाईल अशा आवाजात हा गरजला, "एकशे चाळीस!"

आणि वळून मर्जूककडे बघून मिशीतल्या मिशीत हसला.

साहेबानं लेखणी खाली ठेवली. "तीस वर्षांवरचा मचवा धोक्याचा. मोडीत."

दुसऱ्याच दिवशी खल्फानचा मचवा वाळूवर ओढून फोडला. हातापाया पडून त्यानं एवढी एक फळी वाचवली. आणि मर्जूकचं पांढरं शीड रोज एक्केचाळीस नंबरच्या दारासमोरून जाऊ लागलं. खल्फान दाराला पाठ करून कॉफी प्यायचा. पण वाऱ्यात शीड फडफडलं की पाठीलाही ऐकू यायचं. देवा, एक दिवस हे शीड दिसू नये, एवढंच मागणं.

एकदा मर्जूक दारात आला.

"नियम तुला ठाऊक होता," खल्फान म्हणाला. "मला का नाही सांगितलंस?"

"सांगितलं असतं, तर ऐकलं असतंस? म्हणाला असतास, मर्जूकला माझी फळी बघवत नाही."

शम्सा आतून म्हणाली, "अगदी हेच म्हणाले असते."

"तू गप गं! आणि तू कशाला आलास?"

"माझ्या मचव्याची एक साधी फळी गेलीय. तुझी दे. घरात वाळून मरेल ती."

"वा! म्हणजे एकशे बावन्नची तुझी आणि वर एकशे चाळीसची माझी? दोन-दोन म्हाताऱ्या मिरवायच्यात होय तुला?"

मर्जूक गेला. खल्फान दोनदोन घागरी ओतू लागला. पण ओंजळीनं लाकडाची तहान भागते थोडीच! एका दुपारी कडकन आवाज झाला. फळीला टोकापासून वीतभर चीर गेली होती. खल्फाननं चिरेत बोट घातलं. मग फळी खांद्यावर घेतली, भर उन्हात किनाऱ्यावर गेला आणि मर्जूकच्या पायाशी टाकली. "पुढे नाळेजवळ बसव. पाणी आधी माझ्या फळीला लागलं पाहिजे, मग तुझ्या." एवढं बोलून परतला. त्या मचव्यात पाय मात्र त्यानं ठेवला नाही.

वर्ष भरलं. परवाने नव्यानं द्यायला साहेब आला. ह्या खेपेला नवा नियम: मालकाच्या शब्दावर भागायचं नाही, साक्षीदार हवा, आणि तो साहेबच गर्दीतून निवडणार. मर्जूकचा मचवा धक्क्याला लागला, साहेबानं गर्दीवर नजर फिरवली आणि नेमकं खल्फानवर बोट ठेवलं.

"तुम्ही, आजोबा. तुम्हाला मचव्यांतलं कळतं म्हणतात. ह्याचं खरं वय सांगा."

मर्जूक आपल्या पायांच्या अंगठ्यांकडे बघत उभा. खल्फानच्या जिभेवर खरा आकडा तयार होता. तेवढा उच्चारला, की उद्यापासून दारासमोर शीड नाही! वर्षभर देवाकडे दुसरं काय मागितलं होतं त्यानं? त्यानं मचव्याकडे पाहिलं. नाळेजवळ त्याची फळी पाणी पिऊन काळीभोर झाली होती. चीर मिटली होती.

शम्सानं मागून बाही ओढली. ती सोडवून तो पुढे झाला आणि गेल्या वर्षीच्याच आवाजात, पार मागच्या बहिऱ्या म्हातारीलाही ऐकू जाईल असा गरजला:

"हा? अहो साहेब, हे तर अजून अंगावर पिणारं पोर! पाच वर्षांचा आहे, एक दिवस जास्त नाही. ह्या मर्जूकजवळ जुनं म्हणून कधी काही नव्हतंच, साऱ्या जमातीला विचारा!"