अजून वाहतंय का?

शेपूटताई हे काही आईबापांनी ठेवलेलं नाव नव्हे. हॉस्पिटलच्या तळघरात, धोबीखान्याला लागून कोडिंगची खोली होती. वरच्या मजल्यांवर डॉक्टर मंडळी कापाकापी करणार आणि घाईघाईत चार ओळी खरडणार. तळघरातली माणसं त्या ओळी वाचून एकेका दुखण्याला आकड्या-अक्षरांचा कोड लावणार. कोड गेला की विमा कंपनी हलते, नाहीतर ढिम्म. बाकीचे कोड लावून मोकळे व्हायचे. ही बाई मात्र एकेकाच्या मानगुटीवर बसायची, "शेवटचं अक्षर कुठाय? शेपूट कोण लावणार, तुझा काका?" मग दुसरं काय नाव पडणार!

हाडांच्या कामात तिचा हात धरणारं कोणी नव्हतं. मोडलेल्या हाडात ठोकलेल्या सळया, पट्ट्या, खोटे गुडघे, आणि त्यांत झालेला पू. असल्या कोडला तीन शेपटं. पू वाहतोय, इलाज चालू आहे, तर 'ए'. भरत आलंय, नुसती देखरेख चालू आहे, तर 'डी'. आणि पू कधीच संपला, पण जाताना ताठलेला गुडघा नाहीतर आखूड पाय मागे ठेवून गेला, तर 'एस'. त्यातही आज काय उरलंय ते आधी लिहायचं, कशामुळे उरलं ते नंतर. नव्या मुलींना ती सांगायची, "पुस्तक मिटा. फाइलला एकच विचारा, अजून वाहतंय का? फाइल सांगत नसेल तर डॉक्टरला फोन करा. मनानं काही लावायचं नाही. वाहत असताना 'एस' लावलेलं दिसलं तर हात तोडीन एकेकीचा!"

ती तोडायलाही कमी करणारी नव्हती म्हणा. राग कायम नाकाच्या शेंड्यावर. एकदा खोलीच्या साहेबांनी "चालतंय हो, पाठवून द्या" म्हटलं, तर हिनं स्टेपलर भिरकावला. साहेबांच्या कपाळावर टेंगूळ आलं, आणि घरी त्यांनी डोकं दारावर आपटलं म्हणून सांगितलं. तिचा नवरा भिंती रंगवणारा, गरीब माणूस. तो म्हणायचा, "अगं, तुझ्याशी भांडायला मला आधी रजा काढावी लागेल."

तर हमालाची फाइल आली ती अशा बाईकडे.

हा हमाल बाजारात गाड्या उतरवायचा. पाळीवरून दुसऱ्या टोळीशी जुंपली. त्यांनी चौघांनी त्याला पोत्यावर आडवा पाडला, एकानं डोकं दाबून धरलं आणि एकानं पहार उचलून नडगीवर घातली. एकदा घालून भागलं नाही. हाड चामडीतून बाहेर आलं तेव्हा कुठे ते पळाले. हॉस्पिटलात सळई ठोकली, सळईला पू झाला, तो महिनोन्‌महिने वाहिला. शेवटी जखम बुजली, पण गुडघा वाकेना. ताठ पाय ओढत माणूस पुन्हा कामाला लागला. आणि एक दिवस पाय परत सुजला, बुजलेलं तोंड फुटलं. तो पुन्हा येऊन खाटेवर पडला.

हाडांच्या डॉक्टरांनी लिहिलं, 'सळईच्या जुन्या इन्फेक्शनचा त्रास. गुडघा ताठ. सळई काढणे.' आता जुन्या म्हणजे काय? संपलेल्या, की जुनं असून पुन्हा उठलेल्या? शेपूटताईनं नियमानं फोन लावला.

"डॉक्टर, पू आत्ता चालू आहे का?"

"तुम्हाला वाचता येत नाही का हो? जुनं लिहिलंय ना?" मागे ठाकठूक ऐकू येत होती, कुणाच्या तरी मांडीत हातोडा चालला होता. "मी इथं माणूस उघडा टाकून उभा आहे आणि तुम्हाला शेपटं सुचतायत! परत फोन कराल तर नोकरी घालवीन."

फोन आपटला. खोलीत सगळ्यांना ऐकू गेलं, तेच तिला झोंबलं. कानशिलं तापली. "जुनं म्हणतोस? घे मेल्या, जुनं!" म्हणत तिनं 'एस' लावला आणि बटण असं हाणलं की ते उडून टेबलाखाली गेलं. फाइलमध्ये पुढच्या पानावर नर्सनं लिहिलेलं होतं, पट्टी ओली. ते पान तिनं उलटलंच नाही.

विमा कंपनीचं उत्तर आलं: इन्फेक्शन संपलेलं दिसतं, सळई काढण्याची निकड नाही, खुलासा करावा. मग तो खुलासा या मजल्यावरून त्या मजल्यावर हिंडत बसला. डॉक्टर म्हणे विम्याच्या खिडकीवाले बघतील, खिडकीवाले म्हणे डॉक्टर बघतील. अरे, माणूस तुमच्या डोळ्यांसमोर तापानं फणफणलाय, पट्टीतून पू चादरीवर उतरतोय, एकालाही वाटलं नाही की आधी पाय बघू? नाही वाटलं. तळघरापर्यंत तर ही गोष्ट पोचलीच नाही. पाय घोट्यापासून वर काळा पडत गेला, आणि मग डॉक्टर म्हणाले, पाय काढावा लागेल, नाहीतर माणूस जाईल.

हमालाला एकच थोरली बहीण. पिठाची गिरणी चालवायची. आई गेल्यावर तिनंच भावाला वाढवलं, त्याच्यासाठी लग्नाचा विचारही बाजूला ठेवला. त्याला ऑपरेशनला आत नेला तशी ती खिडकीवर गेली. खिडकीवाल्यानं आपली मान सोडवून घेतली. "तळघरात 'संपलं' असं लावलंय बाई, आम्ही काय करणार?"

ती तडक गिरणीत गेली आणि पट्टा आवळायचा पाना घेऊन आली.

कोडिंगच्या खोलीचं दार तिनं लाथेनंच उघडलं. पहिल्या फटक्याला एक स्क्रीन फुटला, दुसऱ्याला दुसरा. मुली किंचाळत भिंतीला चिकटल्या. साहेब टेबलाखाली. ती पिठानं माखलेली, डोळे लाल. "माझ्या भावाचा पाय कापतायत वर! 'संपलं' कोणी लिहिलं? सांगा, नाहीतर एकेकाची टाळकी फोडते!"

टेबलाखालून साहेबांचा हात बाहेर आला आणि त्यानं कुणाकडे बोट दाखवावं? समोरच्या नव्या मुलीकडे. ती बिचारी भीतीनं उभीही राहू शकत नव्हती. गिरणीवालीनं तिचे केस धरले आणि पाना वर उचलला.

"सोड तिला! मी लिहिलं."

शेपूटताई मध्ये येऊन उभी राहिली होती. पाय कापतायत हे तिनं त्या क्षणी ऐकलं होतं. तिला सगळं एकदम आठवलं: तो फोन, ते बटण, ते न उलटलेलं पान. "मी लिहिलं," ती परत म्हणाली. "रागाच्या भरात लिहिलं."

पाना डोक्यावर येत होता. तिनं डावा हात आडवा धरला. हाड मोडल्याचा आवाज धोबीखान्यात ऐकू गेला असं लोक सांगतात. दुसरा फटका त्याच हातावर, तिसरा खांद्यावर. ती पडली. तेवढ्यात वॉर्डबॉय धावले, आणि त्यांनी गिरणीवालीला खाली लोळवून बुटांनी तुडवायला सुरुवात केली. तोंडात, पोटात, दिसेल तिथे. तिच्या दातांतून रक्त कपड्यांवरच्या पिठावर सांडत होतं.

"तिला मारू नका रे!" लोंबता हात घेऊन शेपूटताई जमिनीवरून ओरडत होती. "नालायकांनो, तिला नका मारू!"

पाय गेला तो गेलाच. गुडघ्याच्या वर कापला. गिरणीवाली तुरुंगात गेली. शेपूटताईच्या हातात पट्टी आणि स्क्रू बसले, आणि काही आठवड्यांत, होऊ नये तेच झालं, त्या पट्टीला पू झाला.

आणि इथं या बाईनं काय करावं? गप्प बसली! आयुष्यभर दुसऱ्याच्या पुवासाठी डॉक्टरांशी भांडलेली ही बाई, स्वतःच्या वेळेला "आता बरं आहे" म्हणायची. तपासणीच्या दिवशी सकाळीच जखम पिळून कोरडी करायची, वर स्वच्छ पट्टी बांधायची. डॉक्टर वरवर बघून लिहायचे, जखम कोरडी. दोन बोटं मिटेनाशी झाली. नवऱ्यानं विचारलं, "अगं, उशीला हा पिवळा डाग कसला?"

"तुमच्याच रंगाचा असेल. नीट हात धुवून या घरी."

तो रंगारी होता, त्याला रंग कळत होता. पण तिच्या तोंडाकडे बघून तो पुढे बोलला नाही. त्या हमालाचा पाय गेला आणि माझा हात राहावा, हे तिला सहनच होत नव्हतं. एवढं साधं होतं ते, आणि एवढं भयंकर.

एकदा ती पट्टी बदलण्याच्या खोलीबाहेर बाकावर बसली होती. आतून नंबर यायचा होता. एक माणूस कुबड्यांवर आला आणि शेजारी बसला. पँटचा एक पाय दुमडून पिनेनं टाचलेला.

"तुम्हीच ना त्या तळघरातल्या?" तो म्हणाला.

"हो."

"तुरुंगात ताईला भेटायला गेलो की ती सांगते तुमच्याबद्दल. तिला मारू नका म्हणून तुम्ही ओरडत होता म्हणे."

आता हा कुबडी उचलणार असं तिला वाटलं, आणि उचलावी असंही वाटलं. तिनं डोकं थोडं पुढे केलं.

तो तिच्या हाताकडे बघत होता. सकाळी बांधलेल्या पांढऱ्या पट्टीवर एक ओला ठिपका उमटला होता, आणि बघता बघता मोठा होत होता. हमालानं असले ठिपके स्वतःच्या नडगीवर खूप पाहिले होते.

"अजून वाहतंय का?" त्यानं विचारलं.

साधाच प्रश्न. मुलींना ती रोज शिकवायची तोच. त्याच्या पायाबद्दल तो कुणीच शेवटपर्यंत लावून धरला नव्हता, तिनंही नाही. शेपूटताईचा बांध फुटला. भर दवाखान्यात, लोकांसमोर, ती हमसून हमसून रडायला लागली.

"हो," ती म्हणाली. "वाहतंय."

"मग इथं काय बसलात? आत जाऊन सांगा त्यांना." त्यानं कुबडीनं दार ढकललं. "जा. मोठ्यानं सांगा. मी तेवढंच केलं नाही."

ती उठली आणि आत गेली.