ताणावरची बाग

काल सकाळपर्यंत हे मी कुणालाही सांगितलं नव्हतं. बायकोलाही नाही. चार वर्षं झाली. आता लिहायला बसलोच आहे, तर अर्धं सांगून थांबणार नाही—एवढं ठरवलं आहे.

मी कृषी सहायक. नेमणूक अचलपूर तालुक्यात. रस्त्यासाठी जमिनी घ्यायचं निघालं, तेव्हा मोजणीच्या वेळी झाडं मोजून त्यांची अवस्था लिहिण्याचं काम माझ्याकडे आलं. झाड फळ देणारं असेल तर मोबदला ठरवताना पुढच्या उत्पन्नाचा विचार होतो. वाळलेलं असेल तर जळाऊ लाकडाचा. एका शब्दाचा फरक—आणि तो शब्द लिहिणारा मी.

नामदेवरावांची बाग आम्ही डिसेंबरात मोजली. सत्तरीचा माणूस. संत्र्याची सगळी झाडं त्यांनी स्वतःच्या हातांनी लावलेली. बहार चांगला फुटावा म्हणून त्या दिवसांत झाडांचं पाणी बंद ठेवतात. त्याला ताण देणं म्हणतात. पानं मलूल होतात, गळतात, आणि नवख्या माणसाला बाग मेल्यासारखी दिसते. आमचे मोजणीचे साहेब नवखे होते. मी नव्हतो. मी हिवरखेडचा, आमची स्वतःची बाग होती. ताण मला ओळखता आला नाही, असं कोणत्या तोंडानं सांगू?

साहेब म्हणाले, "ही तर सगळी वाळली."

नामदेवराव मोठ्यानं हसले. "वाळली? साहेब, बाग तानावर हाय. उपाशी हाय, मेली नाई. या बाबूले इचारा, संत्र्यातच वाढला हा." आणि आम्हाला प्यायला पाणी आणायला ते विहिरीकडे गेले.

साहेब माझ्याकडे वळले. त्याच सकाळी, आधीच्या शेतात, एका शेतकऱ्याचा आंबा फळ देणारा आहे, असं मी बोललो होतो. तेव्हा त्यांनी चारचौघांत विचारलं होतं—पगार सरकारचा घेता की यांचा? लोक हसले होते. ते हसू अजून माझ्या कानात होतं. आता पुन्हा शेतकऱ्याच्या बाजूनं बोललो, तर मी काही घेतलं असं वाटेल, ही भीती. मी म्हणालो, "वाळलेलीच वाटतात, साहेब." आणि तसं लिहिलं. साहेब, तलाठी, मोजणीदार पुढच्या बांधाकडे निघाले.

चार वर्षं मी मनातल्या मनात इथेच थांबत आलो. भित्रा होतो, साहेबांपुढे बोललो नाही, संपलं. पण संपलं नव्हतं. खरी गोष्ट याच्या पुढे आहे.

नामदेवराव पाणी घेऊन आले. सही करायची होती. त्यांनी खिसे चाचपले. "चष्मा घरीच रायला. तूच वाच रे बाबू, काय लिवलं ते."

कागद माझ्या हातात होता. त्यावर माझ्याच अक्षरात लिहिलेलं होतं—वाळलेली झाडं. मी वाचलं—फळ देणारी झाडं.

का? खरं वाचलं असतं तर ते सही करणार नव्हते. आरडाओरडा झाला असता, साहेब परत आले असते, आणि मला दोघांच्या समोर तोंड उघडावं लागलं असतं. ऑफिसात जाऊन दुरुस्त करू, असंही मनाशी म्हटलं. केलं का? नाही. त्यांनी सही केली, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "आपला मानूस असला का असं असते."

महिन्याभरानं त्या रस्त्यानं एसटीतून जात होतो. त्यांनी पाणी सोडलं होतं. बाग पांढऱ्या फुलांनी भरली होती, वास गाडीत शिरला. मी खिडकीची काच ओढून घेतली.

पुढे झाडं वाळलेली धरून मोबदल्याचा निवाडा आला. झाडं तुटली. नामदेवराव वाढीव मोबदल्यासाठी कोर्टात गेले, तर समोरच्या वकिलानं त्यांचीच सही दाखवली. त्यांना वाटलं, मागून कुणी तरी कागद बदलला. कुणी? कागद पुढे नेणाऱ्या तलाठ्यानं. गावानंही तेच धरलं. तलाठी शपथा घेत राहिला. त्याच्या मुलीच्या लग्नाला गावातून कुणी गेलं नाही. मला हे सगळं कळत होतं.

परवा नामदेवराव माझ्या घरी आले. गुरुवारी अमरावतीला तारीख आहे. "तू फक्त एवढंच सांग, का तू फळ देनारी वाचलं होतं. बाकी माहा वकील पाहून घेईन."

किती सोपं होतं! मी वाचलं तसं सांगायचं, आणि बदलल्याचा आळ तलाठ्यावर तसाच राहू द्यायचा. त्यांना कदाचित मोबदला मिळाला असता. मीही सुटलो असतो. मी हो म्हणालो. ते गेल्यावर मात्र तलाठ्याच्या मुलीचं ते लग्न आठवत राहिलं.

काल सकाळी त्यांच्या घरी गेलो. ते अंगणात होते. मी उभ्यानंच सगळं सांगितलं—अक्षर माझं आहे, कागद कुणीही बदलला नाही, तुम्हाला खोटं वाचून दाखवलं. बाग ताणावर होती हे मला माहीत होतं. गुरुवारी कोर्टात हेच सांगणार आहे, आणि तसं लिहून ऑफिसातही देणार आहे.

त्यांनी शिवी दिली नाही. मग चष्मा काढून खिशात ठेवला.

"म्हंजे तलाठी खरं सांगून राह्यला होता," एवढंच म्हणाले. पायांत चपला घातल्या आणि तलाठ्याच्या घराकडे चालू लागले.

मी त्यांच्या मागे गेलो नाही.