वाढवा की!

मला एका जागी बसता येत नाही. मिटिंगमध्येही मी खिडकीपाशी उभी असते. मुंबईतल्या आमच्या फिल्म स्टुडिओची मी पहिली बाई प्रमुख. कुठल्या गोष्टीचा पिक्चर होणार आणि कुठल्या गोष्टीचा नाही, हे ठरवणं माझं काम. सुरुवात औरंगाबादेत एका वितरकाच्या ऑफिसातून झाली. तिथं लोक मला बघून विचारायचे, "साहेब कुठंयत?" आता साहेब मीच आहे, तरी नवा माणूस आला की हाच प्रश्न येतो.

मराठवाडी बोलीतला पिक्चर मी हट्टानं काढला. भागीदार म्हणाले, ही भाषा पुण्यात कोणाला कळणार? मी टेबलावर हात आपटला. "मला कळते ना!" शेवटी ठरलं ते असं, की मराठवाड्यात हा पिक्चर दुसऱ्या आठवड्यात टिकला, तरच पुढचा करमाडच्या एका मुलीला द्यायचा. ही मुलगी शाळेत शिकवते. घरची माणसं मेंढरं राखणारी. आईच्या भटकंतीवर तिनं लिहिलेली गोष्ट मी जागेवरून न उठता वाचली होती, आणि हे माझ्या बाबतीत क्वचितच घडतं. तिच्यासाठी दोन वर्षं भांडत होते.

पहिल्या आठवड्यात माझा जीव थाऱ्यावर नव्हता. बुधवारी दुपारी छत्रपती संभाजीनगरहून टॉकीजवाल्या काकांचा फोन आला. माझ्या पहिल्या नोकरीपासूनची ओळख; मराठवाड्यात आमचा पिक्चर त्यांच्याच टॉकीजला लागला होता.

"ताई, शुक्रवारी पिक्चर वाढवावा म्हणतो. तुमची हरकत नाय ना?"

"हरकत कसली काका? वाढवा की!"

काका पडक्या आवाजात "बरं" म्हणाले आणि फोन ठेवला. एवढी गोड बातमी देऊन हा माणूस मलूल का, असा विचारही माझ्या डोक्यात आला नाही. मी धावतच थोरल्या भागीदारांच्या खोलीत गेले. खेळ वाढवतायत, म्हटलं. "नक्की ना?" त्यांनी विचारलं. "माझ्या गावची माणसं आहेत," मी ऐटीत सांगितलं. त्यांनी मान हलवली आणि मी जिन्यातूनच करमाडला फोन लावला. "तुझं पक्कं. लाग कामाला." ती रडायलाच लागली.

शुक्रवारी सकाळच्या विमानानं मी गेले. टॉकीजवर पोहोचले तर दोन माणसं शिडीवर चढून आमचं पोस्टर काढत होती. काका ऑफिसात चहा पीत बसले होते.

"काका, हे काय? तुम्ही वाढवणार होता ना?"

"व्हय, वाढवला की. तुम्हीच म्हणल्या, वाढवा."

"म्हणजे... बंद केला?"

"बंद म्हणू नये, ताई. चालत्या धंद्याला असं बोलत नसतात. तुमचे वडील गुलमंडीवर संध्याकाळी दुकान काय करायचे?"

वाढवायचे. कापडाचे तागे रचून झाले की रोज तेच, "चला, दुकान वाढवू." बंद करणं अशुभ, म्हणून वाढवणं; नारळ वाढवतात, बांगडी वाढवतात, तसंच. माझं सगळं लहानपण या शब्दात गेलं. आणि ज्या भाषेसाठी मी टेबल बडवलं, ती मलाच कळली नाही. इतकी लाज मला आयुष्यात कधी वाटली नव्हती.

"लई वाईट वाटलं ओ," काका म्हणाले. "माणसंच आली नाय. तुमच्यासाठी ठेवू का आणखी चार दिवस?"

नको म्हटलं. बाहेर येऊन तिकीट खिडकीपुढं येरझाऱ्या घालत मुंबईला फोन केला. चूक माझी, हे सरळ सांगून टाकलं. थोरले भागीदार हसले. ते चिडले असते तर मला भांडता तरी आलं असतं. "मग करमाडचा विषय संपला," ते म्हणाले.

त्या मुलीला मात्र फोनवर सांगायचं धाडस झालं नाही. गाडी करून करमाडला गेले. ती शाळेत असेल म्हणून आधी शाळेत गेले, तर तिथं नव्हती. घराच्या ओट्यावर ती वह्या पसरून लिहीत बसली होती. मी उभ्याउभ्याच सगळं सांगितलं. तिनं ऐकून घेतलं.

"मॅडम, मी कालच राजीनामा दिला ओ," ती म्हणाली. "तुम्हीच म्हणल्या ना, लाग कामाला. आता मी काय करू?"

लोकांच्या गोष्टींना हो किंवा नाही म्हणायचाच मी पगार घेते. तिच्यासमोर मला दोन्हींतलं एकही म्हणता येईना. मी तिच्या ओट्यावर बसले, आणि मला उठताच येईना.