अण्णांच्या गालातली काडी

मार्केट यार्डात आलेली भाजी संध्याकाळपर्यंत उठते, किस्से मात्र उठत नाहीत. ते गाळ्यातच पडून राहतात आणि दुसऱ्या दिवशी त्यांच्यावर नवे येऊन पडतात! नव्वदच्या दशकात आणि पुढेही काही वर्षं मी नाशिकच्या यार्डात एका शेठच्या गाळ्यावर पावत्या फाडायचो. तिथले निम्मे किस्से अण्णांचे, आणि अण्णांचे सगळे किस्से ज्येष्ठमधाचे.

अण्णा आमच्याकडे लिलाव पुकारायचे. दुपारी सुरू केलं की दिवेलागणीपर्यंत ओरडायचं. माईक-बिईक काही नाही. सगळी भिस्त गळ्यावर, आणि गळ्याची भिस्त ज्येष्ठमधावर. रविवार कारंज्याजवळच्या काष्ठौषधीवाल्याकडून ते त्या पिवळट, गोड मुळ्यांची पुडी आणायचे. एक काडी कायम गालात. पुकारताना ती काढून हातात धरायचे आणि शेवटच्या बोलीला परत गालात ठेवायचे. होता होता गाळ्याचा कायदाच झाला. काडी बाहेर, लिलाव सुरू. काडी आत, सौदा पक्का!

मालेगावचे व्यापारी रशीदभाई पहिल्यांदा आले तेव्हा त्यांना हे ठाऊक नव्हतं. ते जोरजोरात बोली वाढवत होते आणि अण्णा शांतपणे काडी चघळत होते.

"अरे, मेरी बोली चालू है ना!"

आमचा हमाल म्हणाला, "भाई, काडी आत गेली. आता देव आला तरी कोबी मिळायचा नाय!"

*

एकदा ऐन लिलावात कुणीतरी मिरचीचं पोतं झटकलं. अण्णांना असा ठसका लागला, की सवयीनं काडी तोंडात गेली! आणि दिंडोरीकडच्या सखूबाईंचा फ्लॉवर पहिल्याच पडेल बोलीला रशीदभाईंना सुटला.

सखूबाई म्हणजे यार्डात माल आणणाऱ्यांतल्या सगळ्यात खमक्या. त्या थेट अण्णांसमोर उभ्या राहिल्या.

"ठसका तुमाला लागला अन् भाव माझ्या फ्लावरचा पडला? ह्ये कुठलं औषीद म्हनायचं?"

सगळे हसले. शेवटी रशीदभाईच म्हणाले, "फिर से बोलो, अण्णा." त्या दिवसापासून कायद्याला पोटकलम जोडलं गेलं: ठसका माफ.

*

एका थंडीत रशीदभाईंचाच घसा बसला. बोली लावायला तोंड उघडलं की नुसती फुंकर! अण्णांनी लिलाव थांबवला आणि पुडीतली काडी त्यांना दिली.

"चघळा. रस गिळा. घाई नाही."

बाकीचे व्यापारी ताटकळले. थोड्या वेळानं भाईंचा घसा जरा मोकळा झाला आणि त्या आनंदात त्यांनी मेथीची बोली कुठच्या कुठे नेली. माल ताब्यात आल्यावर डोक्याला हात लावून बसले.

"दवा मुफत में दिए, मेथी में वसूल कर लिए!"

तसे अण्णा सगळ्यांचेच वैद्य. हमालांच्या पित्ताला चूर्ण दुधातून, पोरांच्या खोकल्याला मधातून चाटण. "गुण नाही आला तर?" असं विचारलं की म्हणायचे, "गोड तर लागलं ना!"

*

दोन हजारनंतर अण्णांचे पाय सुजायला लागले. बीपी चढलं. डॉक्टरांनी लोणचं विचारलं, पापड विचारला, टेन्शन विचारलं. अण्णांचं प्रत्येकाला 'नाही'.

शेवटी अण्णांची बायको, आमच्या काकू, म्हणाल्या, "दिवसभर ते लाकूड चघळता, ते कोण सांगणार?"

डॉक्टर खुर्चीत ताठ झाले. "दिवसभर? रोज? अहो, ज्येष्ठमध अति झाला की बीपी वाढतं, सूज येते. औषध आहे ते, चणे-फुटाणे नाहीत! आजपासून बंद."

"मीठ सोडतो, चहा सोडतो, वर दोन्ही एकादश्या धरतो," अण्णा गयावया करायला लागले. डॉक्टर बधले नाहीत.

दुसऱ्या दिवशी अण्णा रिकाम्या गालानं आले, आणि लिलाव संपेचना! काडी आत जाईपर्यंत बोलायचं, ही सगळ्यांची सवय. व्यापारी दुधीवर बोली चढवतच सुटले. अण्णांनी घाईघाईनं माझं पेन हिसकावलं आणि तोंडात खुपसलं. संध्याकाळी त्यांचे ओठ निळे आणि माझ्या पावत्या कोऱ्या!

*

बीपी उतरलं, पण आवाजही उतरला. रोज थोडा थोडा. अण्णा मला म्हणायचे, "मला दुसरं काय येतं रे? घसा गेला की मी गेलो." अजूनही कुठे ज्येष्ठमधाचा वास आला की आधी तो गलका आठवतो आणि मग हे वाक्य.

एक दिवस शेठ म्हणाले, "अण्णा, आज बघू. नाही जमलं तर उद्यापासून काट्यावर बसा, वजन करा."

पहिलाच माल सखूबाईंचा टोमॅटो. अण्णा कॅरेटवर चढले, तोंड उघडलं. कुजबुजीपलीकडे काही निघेना.

रशीदभाई पुढे सरकले आणि त्यांनीही कुजबुजतच बोली लावली. ती ऐकायला दुसरा पुढे आला, त्यानं कुजबुजतच वाढवली. बघता बघता सगळे डोकी जुळवून उभे! आमच्या गाळ्यावर अशी शांतता कधीच नव्हती. शेजारच्या गाळ्यांवरचे व्यापारी "एवढं गुपचूप काय विकताहेत?" म्हणत धावत आले आणि मागचं-पुढचं न बघता बोली लावायला लागले. टोमॅटोला त्या हंगामातला सगळ्यात चांगला भाव लागला. अण्णांनी रिकामी चिमूट गालापाशी नेली. सौदा पक्का!

शेठ अण्णांजवळ गेले. शेठचा घसा ठणठणीत, पण तेसुद्धा कुजबुजले, "उद्या वेळेवर या."

सखूबाई कमरेवर हात ठेवून सगळं बघत होत्या. त्या खणखणीत आवाजात म्हणाल्या,

"अवं अण्णा, मंग इतकी वर्सं वरडत कामून व्हता?"