साडूंच्या जांभया

आमच्या रिळभाऊंची नोकरी टीव्ही केंद्राच्या तळघरात. खोली इतकी गार की ऐन उन्हाळ्यात ते मफलर गुंडाळून क्रिकेटच्या जुन्या चित्रफिती बघत बसतात. कितव्या मिनिटाला कोण दिसतं, काय करतं, हे कार्डावर लिहायचं. कार्डावर जे नाही ते वरच्या मजल्यावर कुणालाच सापडत नाही; म्हणजे ते घडलंच नाही!

एवढी सत्ता हाती असूनही माणूस सुखी नव्हता. कारण साडू. बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान देशाकडून खेळलेले. गाजलेला कुठलाही सामना लावा, हे आहेतच. रिळभाऊही क्लबात होते, पण तिन्ही हंगाम बारावे गडी. साडू आले की सासूबाई खुर्चीत उशी ठेवत. रिळभाऊंना नुसती खुर्ची. उशीवरून माणूस किती जळू शकतो, हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

मग त्यांनी कार्डांवर राग काढला. साडूंचं शतक असलं की नोंद एका शब्दाची: 'फलंदाजी.' बाकी मात्र सविस्तर. 'मिनिट १४: हातातला झेल सोडला. मिनिट ३२: धावताना टोपी पडली, ती उचलली, तोवर चौकार. मिनिट ४१: पॅव्हिलियनमध्ये जांभई. लगेच दुसरी.' अशी सतरा वर्षं.

यंदा साडू साठीचे झाले. केंद्रानं त्यांच्यावर कार्यक्रम ठरवला. निर्मात्या बाई खाली आल्या आणि कार्डांचा गठ्ठा घेऊन गेल्या. रिळभाऊ आठवडाभर शीळ घालत होते. मला म्हणाले, "आता कळेल लोकांना, सोनं कुठलं नि पितळ कुठलं!"

रविवारी दुपारी सगळं सासर साडूंच्या घरी टीव्हीपुढे बसलं. झेल सुटला, सासूबाई खुदकन हसल्या. टोपी पडली, मेहुणी डोळे पुसायला लागली. दुसऱ्या जांभईला तर शेजारच्या घरातूनही हसू ऐकू आलं. फोन थांबेनात. जो तो म्हणे, अहो, हा तर आपल्यातलाच माणूस! साडूंनी उठून रिळभाऊंना मिठीच मारली. "साडूभाऊ, इतक्या मायेनं मला आईनंही न्याहाळलं नसेल हो!"

घरी परतताना बायको रस्ताभर हसत होती. "भाऊजी किती गोड धडपडतात नाही? मी उगाच घाबरायचे त्यांना."

रिळभाऊ झपाझप पुढे चालायला लागले.

"अहो, तुमचं नाही का कुठे असं? पडतानाचं वगैरे?"

"नाही."

"एकदाही नाही पडलात?"

"मैदानात उतरवलं असतं तर पडलो असतो ना! त्याच्यापेक्षा चांगला पडलो असतो!" रिळभाऊ भर चौकात ओरडले.

"अहो, हळू! लोक बघतायत."