दीपालीच्या नावाचं अकाउंट

पोस्टमॉर्टेमच्या खोलीबाहेर बसून मी डबा खाल्लाय. विहिरीतून काढलेल्या बॉडीशेजारी पंचनाम्यासाठी एकटी थांबलेय. एकवीस वर्षं पोलिसात झाली, कधी काही दिसलं नाही की जाणवलं नाही. अशा गोष्टी सांगणारं कुणी भेटलं की वाटायचं, याची झोप नीट होत नसणार. आज मीच लिहायला बसलेय... नावं तेवढी बदललीत.

मी मूळची सांगवीची, नोकरी इंदापूर तालुक्यात. हवालदार आहे. टायपिंग बरं येतं एवढ्याच कारणानं मोबाईल-इंटरनेटच्या सगळ्या तक्रारी माझ्या टेबलावर येतात. आयटी ॲक्टचा तपास कायद्यानं निरीक्षक साहेबांकडे असतो, पण जबाब लिहिणं, कंपनीला ईमेल करणं आणि उत्तराची वाट बघणं माझ्याकडे. वाट बघणंच जास्त.

अशीच तक्रार घेऊन आल्या पळसदेवच्या सुभद्रामावशी. घरची पेरूची बाग. एकुलती एक मुलगी, दीपाली, दीड वर्षापूर्वी डेंग्यूनं गेली. आणि आता तिच्या नावानं, तिच्या फोटोसह कुणीतरी अकाउंट उघडलं होतं. ‘मी तिची मावसबहीण, आठवण म्हणून अल्बम करतेय’ असं सांगून दीपालीच्या मैत्रिणींकडे फोटो मागायचे, आणि मग ते फोटो अश्लील करून त्यांनाच धमकवायचं. चार मुली यात अडकल्या होत्या. एकीनं कॉलेज सोडलं होतं.

मावशींचा पहिला प्रश्न – “मॅडम, मेलेल्या माणसाचं नाव चोरलं तर गुन्हा व्हतो का न्हाय?”

मी कायद्याचं पुस्तक काढलं. कलम सहासष्ट सी म्हणजे दुसऱ्याची ओळख चोरणं. पण ती दुसरी व्यक्ती जिवंतच नसेल तर? सरकारी वकिलांना फोन लावला. त्यांनी आधी सगळी हकीकत ऐकून घेतली. मग म्हणाले, सहासष्ट डी लावा, कॉम्प्युटर वापरून तोतयेगिरी, ते बसतंय.

“म्हंजी नाव परत मिळंल?” मावशी.

“अकाउंट बंद होईल, मावशी.”

चार महिने त्या दर सोमवारी एसटीनं यायच्या. मी दर सोमवारी म्हणायचे, कंपनीचं उत्तर आलं नाही. शेवटी आलं. माणूस निघाला बारामतीतल्या एका फोटो स्टुडिओत कामाला असलेला, दोन लेकरांचा बाप. दीपालीचा भिंतीवर लावायचा मोठा फोटो त्याच स्टुडिओत केला होता. तिच्या मामानं पेनड्राइव्ह दिला होता, त्यातून यानं सगळे फोटो काढून घेतले. गुरुवारी त्याला अटक झाली. मोबाईल, कॉम्प्युटर जप्त करून लाखेचं सील मारलं, मुद्देमालाच्या खोलीत ठेवलं. लेबलं मीच लिहिली.

सोमवारी सकाळी साडेअकराला मावशी आल्या, माझ्या उजव्या हाताच्या खुर्चीवर बसल्या. मी अकाउंट बंद करण्याची विनंती टाईप करत होते. दीपालीनंच कधीतरी ते ॲप टाकून दिलेला त्यांचा मोबाईल वाजला.

“बघा बरं काय आलं. मला वाचाय येत न्हाय.”

त्याच अकाउंटवरून मेसेज होता. मी मोठ्यानं वाचला – “आये, डावा कान डॉक्टरला दाखीव. अंगावर काढू नको.”

मावशी ढिम्म. माझ्या बाजूला वळल्यासुद्धा नाहीत. मला वाटलं धक्का बसला. उठून दुसऱ्या बाजूला गेले, पुन्हा वाचला. तेव्हा त्यांनी मान वर केली आणि हात डाव्या कानावर नेला.

“ती गेली तवापासनं ह्या कानानं ऐकाय येत न्हाय. मी कुणालाच बोलले न्हाय, मॅडम.” मग म्हणाल्या, “आये म्हनायची ती. बाकी समदी पोरं मम्मी म्हनत्यात.”

मी मुद्देमालाच्या खोलीत जाऊन आले. सील जसंच्या तसं. आरोपी कोठडीत. पासवर्ड दुसऱ्या कुणाला दिला होता का, हे त्याला तीन वेळा विचारलं. नाही म्हणाला. मावशींना तर त्यानं कधी पाहिलंही नव्हतं. पुढं कंपनीकडून रेकॉर्ड आलं – शेवटचं लॉगिन गुरुवारी सकाळी, त्याच्याच मोबाईलवरून. त्यानंतर एकही नाही. सोमवारच्या मेसेजची नोंदच नाही. साहेबांना दाखवलं. ते म्हणाले, “जे आहे तेवढं लिहा.” मी केस डायरीत दोन ओळी लिहिल्या. आजवर त्याबद्दल कुणी विचारलेलं नाही.

पण त्या सकाळी मावशी म्हणाल्या, “बंद नका करू. थोडं दिस राहू द्या.”

“मावशी, त्या चार पोरींची भीती जाणार नाही हो.”

त्यांनी मोबाईल पिशवीत ठेवला. होकाराची मान डोलावली. मी विनंती पाठवली. दोन दिवसांत अकाउंट गेलं.

त्यानंतर मावशी आल्या नाहीत. परवा इंदापूरच्या बाजारात दिसल्या. मागून हाक मारली तर पहिल्या हाकेला वळल्या. कानाला जुनं इन्फेक्शन होतं, औषधानं बरंच ऐकू येतंय म्हणाल्या. कॉलेज सोडलेली मुलगी परत जायला लागली, तेही त्यांनीच सांगितलं.

मग पिशवी खाली ठेवून म्हणाल्या, “तुमी बंद केलं ते बरुबरच केलं. पर मला लिवाय येत न्हाय, अन् तुमीबी इचारलं न्हाय. ‘दाखवते गं’ एवढं तरी तिला कळवायचं व्हतं.”

मी त्यांची पिशवी उचलून हातात दिली. तो मेसेज कुठून आला, हे मला आजही माहीत नाही. उत्तर पाठवलं असतं तर ते कुठं गेलं असतं, तेही नाही.